ठेवतो माय, लाईन आली

मे महिन्यातली गोष्ट. ऑफिसात जेवणाची सुट्टी चालू होती, डबे उघडलेले, कोणीतरी कैरीचं लोणचं फिरवत होतं आणि एकदम एसीचा आवाज थांबला, ट्यूब गेल्या. माझ्या तोंडून आपसूक निघालं, "अरे, लाईन गेली." समोर बसलेली मैत्रीण, माझ्यापेक्षा वयानं मोठी, गिरगावात जन्मलेली, घास चावता चावता म्हणाली, "लाईन नाही गं, लाईट. लाईट गेली म्हणतात." तिच्या बोलण्यात टोमणा अजिबात नव्हता, ती तशी बाईच नाही, कोणाच्या ड्रेसचं लेबल मागं बाहेर आलेलं दिसलं की हळूच सांगावं तसं तिनं सांगितलं. दोघीतिघी हसल्या, विषय परत लोणच्यावर गेला, तेवढ्यात खाली जनरेटर सुरू झाला आणि सगळं पूर्ववत झालं. मला मात्र ते वाक्य संध्याकाळी ठाण्यापासून डोंबिवलीपर्यंत सोडेना. गर्दीत एका हातानं वरची कडी धरून उभी होते आणि डोक्यात तेच, की लाईट हाही इंग्रजीच शब्द आणि लाईन हाही इंग्रजीच, मग त्यातला एक बरोबर आणि एक चूक हे ठरवलं कोणी, आणि मला एवढं का लागलं ते.

लाईनच गेली होती ना.

आमच्याकडं, म्हणजे वऱ्हाडात, अकोटच्या पुढं सातपुड्याच्या पायथ्याशी, विजेला लाईन म्हणतात. लाईन आहे, लाईन गेली, लाईन डिम आहे, लाईन फुल्ल आहे, लाईन येजा करून राहिली. लाईट हा शब्द आम्हालाही माहीत आहे पण तो भिंतीवरच्या बल्बपुरता, "लाईट बंद कर बरं, डोळ्यावर येते." बल्ब बंद करायचा म्हणजे लाईट बंद, आणि गावातलं सगळं एकदम बंद झालं म्हणजे लाईन गेली. लहानपणी हा फरक कोणी शिकवला नाही, तो दिसायचाच. लाईन गेली की पहिल्यांदा पिठाच्या चक्कीचा पट्टा फटफट करत थांबायचा, मग वेल्डिंगच्या दुकानातली निळी ठिणगी जायची, मग टाकीवर पाणी चढवणारी मोटर, आणि मग सगळ्यात शेवटी कोणाच्या तरी लक्षात यायचं की घरातला पंखाही बंद आहे. चक्कीसमोर डब्यांची लाईन लागलेली असायची, ॲल्युमिनियमचे, स्टीलचे, एखादा जुना डालड्याचा पत्र्याचा, प्रत्येकाच्या झाकणावर खडूनं काहीतरी लिहिलेलं. माणसं डबा लाईनीत ठेवून घरी निघून जायची, डबा त्यांच्या वतीनं उभा राहायचा. लाईन गेली तरी डब्यांची लाईन तशीच राहायची, दुसऱ्या दिवसापर्यंत, आणि कोणी कोणाचा डबा पुढं-मागं केला असं मला तरी आठवत नाही. आई दोन वेळा मला पाठवायची, "जाय पाहून ये लाईन आली काय," आणि मी जाऊन त्या थांबलेल्या जात्याजवळ उभी राहायची, गरम पिठाचा वास तेवढ्या वेळात थंड झालेला असायचा.

पण खरी लाईन म्हणजे वावरातली.

ज्यांचं आयुष्य शहरात गेलं त्यांना थ्री फेज म्हणजे काय हे सांगूनही तसं पोचत नाही. घरातला बल्ब, पंखा, टीव्ही हे सगळं सिंगल फेजवर चालतं, विहिरीवरची तीन किंवा पाच एचपीची मोटर मात्र तिन्ही फेज आल्याशिवाय नीट चालत नाही. त्यामुळं घरात उजेड असतो आणि वावरात लाईन नसते, हे दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं. शेतीची लाईन आळीपाळीनं, कधी दिवसा आठ तास, कधी रात्री दहा तास, आणि हा पाळीचा हिशेब घरातल्या कॅलेंडरवर दुधाच्या खाडाखोडीच्या शेजारीच लिहिलेला असायचा. रात्रीची पाळी लागली की बाबा संध्याकाळीच जेवून घ्यायचे, थोडं झोपायचे आणि मग कधी अकरा, कधी बारा वाजता उठून कानाला मफलर, हातात काठी आणि बॅटरी घेऊन निघायचे. डिसेंबर-जानेवारीत गहू-हरभऱ्याचं ओलीत असतं, त्या वेळची सातपुड्याच्या पायथ्याची थंडी ज्यानं पाहिली त्यालाच माहीत. विहिरीचं पाणी वर आलं की कोमट लागतं, त्यात पाय असेपर्यंत बरं वाटतं, बाहेर काढला की काकडतं. दांड म्हणजे पाण्याचा पाट फोडायचा, सारा म्हणजे पिकाचा वाफा भरला की माती ओढून बंद करायचा, पुढचा फोडायचा, असं पहाटेपर्यंत. साप असतात, विंचू असतात, रानडुकराचा कळप कुठून येईल सांगता येत नाही. मी शाळेत असताना सुट्टीत हट्ट करून त्यांच्याबरोबर गेलेली आहे. बॅटरी धरायचं काम माझ्याकडं. अंधारात मोटरीची एकसारखी घरघर, पाईपातून पडणाऱ्या पाण्याचा आवाज, ओल्या काळ्या मातीचा वास, आणि मधूनच सगळं थांबायचं. घरघर थांबली की आधी पाण्याची धार बारीक व्हायची, मग थेंब, मग रातकिड्यांचा आवाज एकदम मोठा वाटायला लागायचा. बाबा फावडं टेकवून उभे राहायचे आणि आभाळाकडं बघत म्हणायचे, "गेली." एवढंच. कोण गेली ते सांगायची गरज नव्हती. मग धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बसून वाट पाहायची, बाबा बिडी पेटवायचे आणि मला विचारायचे की शाळेत काय शिकवून राहिले.

तेव्हा स्टार्टरजवळ ऑटो लावायची सोय आली होती, लाईन आली की मोटर आपोआप चालू होते, माणसानं उठायला नको. बऱ्याच जणांनी लावलं. आता तर मोबाईलवर फोन लावून मोटर चालू-बंद करायचे स्टार्टर आहेत. तरी पाणी आपोआप साऱ्यात वळत नाही, त्याला माणूसच लागतो. आणि लाईन कमी-जास्त झाली, एक फेज गेली, तर मोटर जळते. मोटर जळणं म्हणजे काय हे घरात न सांगता कळायचं, बाबा सकाळी परत यायचे आणि चहा तसाच राहायचा. मग मोटर विहिरीतून काढायची, गाडीत टाकून अकोटला भरायला न्यायची. भरायला म्हणजे जळालेली तांब्याची तार काढून नवी गुंडाळायला. त्या दुकानात वॉर्निशचा एक उग्र वास असतो, तो मला आजही कुठं आला तर पोटात गोळा येतो, कारण त्या वासाच्या मागं नेहमी पैशाची गोष्ट असायची.

मी पुढं शिकायला अमरावतीला गेले, होस्टेलवर. घरी फोन नव्हता, गावातल्या किराणा दुकानाचा पीपी नंबर होता. एसटीडी बूथच्या काचेच्या खोपट्यात उभं राहायचं, समोर मीटरवर लाल आकडे पळत असायचे, आणि कित्येकदा लाईनच लागायची नाही. "या मार्गावरील सर्व लाईन्स व्यस्त आहेत" हे त्या बाईच्या आवाजात इतक्यांदा ऐकलंय की तिचा श्वास कुठं तुटतो तेही पाठ होतं. रात्री अकरानंतर पाव दर लागायचा पण होस्टेलचं गेट त्याच्या कितीतरी आधी बंद, त्यामुळं पाव दराचा फायदा मुलांच्या होस्टेलला, आम्हाला नाही. दुकानदार काका एखाद्या पोराला पळवायचे, बाबा धापा टाकत यायचे, तोवर मी फोन ठेवून परत लावायची. मग बोलणं सुरू व्हायचं. पैसे पुरतात का, जेवण कसं आहे, पेपर कधी आहे. आणि कधी तरी मधेच दुकानातला बल्ब एकदम लख्ख व्हायचा, तो लख्ख झालेला मला दिसायचा नाही पण बाबांच्या आवाजात कळायचं, आणि ते म्हणायचे, "ठेवतो माय, लाईन आली."

हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय. होस्टेलवर, नंतर नोकरीला मुंबईत आले तेव्हा, लग्नानंतर, मुलगी झाली तेव्हासुद्धा. पुढं गावात मोबाईल आले, बाबांच्या खिशात फोन आला, तरी वाक्य तेच. खरं सांगायचं तर मला त्याचा राग यायचा. एवढ्या लांबून मी बोलतेय, माझं काहीतरी मनातलं सांगायचं आहे, आणि यांचं लक्ष निम्मं मोटरीकडं. दोन हजार पाचच्या पुढची काही वर्षं भारनियमन फार होतं, खेड्यात बारा-बारा तास लाईन नसायची, त्यात आली तेव्हा आली, तेवढ्यात वावर भिजवून घ्यायचं. तेव्हा लाईन आली म्हटल्यावर माणूस ताटावरून उठायचा, कोणी आजारी असला तरी उठायचा. ते मला कळत होतं. आणि तरी राग यायचा, या दोन गोष्टी माझ्यात कधी एकमेकीला मिटवू शकल्या नाहीत, अजूनही नाहीत.

माझे मोठे मामा लाईनमन होते. गावात त्यांना कोणी नावानं हाक मारायचं नाही, "लाईनमन" हेच नाव. आता लाईनमनला महावितरणच्या कागदावर जनमित्र म्हणतात, आणि चार मार्चला लाईनमन दिवस पाळतात. मामांच्या वेळी असं काही नव्हतं. एक सायकल, खांद्यावर दोराची गुंडाळी, झोळीत पक्कड, टेस्टर, रबरी हातमोजे, आणि बोटांच्या पेरांवर कायमचा काळा चर. मामा कधीही "लाईन गेली" म्हणायचे नाहीत. ते म्हणायचे फीडर ट्रिप झाला, जंपर तुटला, इन्सुलेटर फुटला, डीपीवरचा, म्हणजे गावच्या ट्रान्सफॉर्मरवरचा, फ्यूज उडाला. इतरांसाठी जी एक गोष्ट होती ती त्यांच्यासाठी शंभर वेगवेगळ्या गोष्टी होत्या. अकरा केव्हीच्या तारेला हात लावायच्या आधी काय काय करायचं ते त्यांनी मला एकदा अंगणात बसून सांगितलं होतं, मी दहावीत होते, सायन्सचं पुस्तक समोर होतं. आधी सबस्टेशनच्या ऑपरेटरकडून परमिट घ्यायचं, लिहून, तोंडी नाही. मग जाऊन स्विच स्वतःच्या डोळ्यानं उघडा आहे ते पाहायचं. मग लांब काठीच्या डिस्चार्ज रॉडनं तारा जमिनीला जोडायच्या. मग खांबावर चढायचं. मी विचारलं, लाईन बंदच केली तर मग जमिनीला कशाला जोडायची? मामा म्हणाले, "मागून येते ना." कोणाच्या तरी घरी, कोणाच्या तरी मंडपात जनरेटर लावलेला असतो, त्यानं मेन स्विच पाडलेला नसतो, आणि त्याची वीज उलटी तारेत शिरते, डीपीतून उलटी गेली की तिकडं तिचा दाब परत हजारोंत जातो. वर चढलेल्या माणसाला वाटतं लाईन मेलेली आहे. "मेलेली लाईन जित्या लाईनपेक्षा वाईट," असं ते म्हणायचे. त्यांच्या डाव्या तळहातावर एक गुळगुळीत पांढरा डाग होता, तिथं रेषा नव्हत्या. त्याबद्दल मात्र ते कधी काही बोलले नाहीत आणि मामीनं आम्हाला विचारू दिलं नाही.

पावसाळ्यात वादळ झालं की सगळं गाव घरात आणि मामा बाहेर. बाभळीची फांदी तारेवर पडलेली असायची, चिखलातून सायकल जात नाही म्हणून पायी जायचं. रात्री दोन वाजता गावभर एकदम "आली ऽ ऽ" असा पोरांचा ओरडा व्हायचा आणि मामी देवापुढचा दिवा पाहून पदर डोळ्याला लावायची. गावासाठी ती लाईन आली असायची, मामीसाठी मामा खाली उतरल्याची खबर.

आणि याच गावात, याच शब्दानं, अकोटच्या बसस्टँडवर माझी मान खाली जायची. लाईन मारणं. लाईन देते का. ती पाहा लाईन देऊन राहिली. आम्ही चार-पाच मुली एसटीची वाट पाहत उभ्या असायचो, तीही एक लाईनच, आणि समोर पानठेल्यावर पोरं. आज लोक या शब्दावर हसतात, सिनेमा-गाण्यांतही तो गमतीनं येतो, पण त्या वयात त्याची गंमत फक्त एका बाजूला होती. कोणाकडं चुकून पाहिलं तरी लाईन दिली, नाही पाहिलं तर भाव खाते. माझ्या वर्गातल्या एका मुलीची शाळा अशाच बोलण्यावरून सुटली, तिनं काही केलं नव्हतं, तिच्यावर कोणी लाईन मारतो एवढं घरी कळलं आणि पुढच्या उन्हाळ्यात तिचं लग्न झालं. ती हुशार होती, गणितात माझ्यापेक्षा पुढं. शब्द असा हलक्या हातानं फेकला जातो आणि तो कुठं जाऊन पडतो हे फेकणाऱ्याला दिसत नाही. मला तेव्हा वाटायचं की मामा ज्या शब्दासाठी जीव धोक्यात घालतात तोच शब्द हे लोक असा कसा वापरतात. आता वाटतं शब्दाचा काय दोष. तो ज्याच्या तोंडी जातो त्याचा होतो.

मग "कोणती लाईन घेतली?" बारावीच्या निकालानंतर गावात भेटणारा प्रत्येक माणूस हेच विचारतो. सायन्स लाईन, कॉमर्स लाईन, मेडिकल लाईन, कम्प्युटरच्या लाईनमध्ये आता काही राहिलं नाही म्हणे, बँकेची लाईन चांगली. पोरगा लाईनीला लागला म्हणजे कमवायला लागला, सुटलो एकदाचे. सोयरिकीच्या बोलण्यात तर पहिला प्रश्नच तो, मुलगा कोणत्या लाईनमध्ये आहे. मी अकाउंटच्या लाईनमध्ये गेले तेव्हा बाबांनी कितीतरी दिवस ते लोकांना सांगितलं, उगाच विषय काढून सांगितलं. मला खूप उशिरा एक जाणवलं की त्यांना स्वतःला हा प्रश्न कधीच कोणी विचारला नाही. शेतीच्या लाईनमध्ये आहे असं आमच्याकडं कोणी म्हणत नाही. दुधाची लाईन असते, कापडाची लाईन असते, ट्रान्सपोर्टची लाईन असते, शेती मात्र ज्याला कुठलीच लाईन मिळाली नाही त्याच्यासाठी उरलेली गोष्ट असल्यासारखी बोलली जाते, आणि रात्री बारा वाजता लाईनीची वाट बघत उभा राहतो तो तोच माणूस. यात मला काही सुंदर योगायोग वगैरे दिसत नाही, मला वाईट वाटतं.

मुंबईत आल्यावर लाईन म्हणजे लोकल. सेंट्रल लाईन, वेस्टर्न लाईन, हार्बर लाईन. इथं माणसाची ओळख लाईनवरून होते हे मला नवीन होतं, आमच्याकडं ती तालुक्यावरून व्हायची. सेंट्रलवाले, वेस्टर्नवाले, आणि कल्याणच्या पुढं कर्जतकडचे की कसाऱ्याकडचे. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदर ते ठाणे अशी ३४ किलोमीटरची जी पहिली गाडी धावली ती आमच्याच लाईनवरची, याचा डोंबिवलीच्या लोकांना आजही थोडा अभिमान असतो, मेगाब्लॉकच्या दिवशीसुद्धा. मला स्वतःला दुसरी तारीख जास्त जवळची वाटते, ३ फेब्रुवारी १९२५, व्हीटी ते कुर्ला हार्बरमार्गे देशातली पहिली विजेवरची गाडी. गाडीला जी ओढते ती वरची तार पाहिली की मला मामा आठवतात, ओव्हरहेड वायर तुटली, गाड्या बंद, अशी घोषणा झाली की डब्यातल्या सगळ्याजणी वैतागतात आणि मला वाटतं कोणीतरी आता शिडी घेऊन निघालं असेल. मरीन लाइन्सच्या नावामागं मरीन बटालियनच्या लाइन्स आहेत, सैन्याच्या बराकींच्या रांगा, हे मला नोकरी लागल्यावर बऱ्याच वर्षांनी कळलं. नागपूरची सिव्हिल लाइन्स, गावोगावची पोलीस लाईन, हे सगळं त्याच खानदानातलं. रांगेत घरं बांधली, त्यात माणसं ठेवली, साहेब गेला, रांगेचं नाव राहिलं. माझी एक मावशी पोलीस लाईनीत राहायची, एकसारखी घरं, एकसारखे पिवळे दरवाजे, दुपारी सगळ्या दारांत एकाच वेळी पापड वाळत घातलेले. तिथं "कुठं राहता" याचं उत्तर "लाईनीत" एवढंच पुरायचं.

आमच्याकडच्या रेल्वेलाही छोटी लाईन आणि मोठी लाईन म्हणायचे. अकोल्याहून अकोटवरून मेळघाटच्या जंगलातून खंडव्याला जाणारी छोटी लाईन, मीटर गेज. धूळघाटजवळ ती डोंगर चढताना स्वतःलाच वळसा घालून स्वतःच्याच रुळांवरून जायची, लहानपणी ते खिडकीतून बघायला आम्ही भांडायचो, खालच्या रुळांवरून आत्ताच तर आलो आपण असं म्हणत. कोरकू बाया टोपल्या घेऊन चढायच्या, मोहाचा वास डब्यात भरायचा. गेज बदलायचं म्हणून ती बंद झाली, २०२२ ला अकोटपर्यंत मोठ्या लाईनीवरची गाडी सुरू झाली, जंगलातला तो भाग वाघांचा, तिथून मोठी लाईन न्यावी की बाहेरून न्यावी यावर खूप वाद झाला. बाहेरूनच न्यावी असं मला वाटतं. आणि त्या छोट्या लाईनीची आठवण येते तेव्हा घसा दाटतो हेही खरं.

२०१६ साल मला या शब्दाचंच साल वाटतं. एप्रिलमध्ये लातूरला पाणी संपलं. मिरजेहून जलदूत गाडी निघाली, सुरुवातीला दहा वाघिणी, एकेकीत पन्नास हजार लिटर, म्हणजे पाच लाख लिटर पाणी रेल्वेच्या लाईननं साडेतीनशे किलोमीटरच्या आसपास आलं. तिथून पाईपलाईननं विहिरीत, मग शुद्धीकरणाला, मग टँकरमध्ये, आणि टँकरसमोर घागरींची लाईन. त्याआधी मार्चमध्ये पाण्याच्या ठिकाणी भांडणं होऊ नयेत म्हणून तिथं जमावबंदी लावली होती, पाण्यासाठी पाचपेक्षा जास्त माणसांनी जमायचं नाही. मी ते टीव्हीवर बघत होते, प्लास्टिकच्या रंगीत घागरी, त्यांना एकमेकींत अडकवलेली दोरी, आणि बाजूला सावलीत बसलेल्या बाया. आमच्या चक्कीसमोरच्या डब्यांसारखंच, भांडं माणसाच्या वतीनं उभं. फरक एवढाच की इथं डबा पुढं-मागं झाला असता तर त्या रात्री घरात पाणी नसतं. मग नोव्हेंबरात नोटबंदी. आठ तारखेला रात्री घोषणा, दहाला बँका उघडल्या आणि सगळा देश लाईनीत. बाबांचे कापसाचे पैसे नेमके तेव्हाच आलेले, पाचशेच्या नोटांत. अकोटच्या बँकेसमोर ते पहाटेपासून उभे, आणि मी फोनवर, बाबा बसा कुठंतरी, पाणी प्या. त्या आठवड्यात लाईन रात्रीची होती. म्हणजे रात्रभर एका लाईनसाठी जागायचं आणि सकाळी दुसऱ्या लाईनीत उभं राहायचं.

कोविडमध्ये ऑनलाईन आलं. माझी मुलगी डोंबिवलीत लॅपटॉपसमोर, आणि गावात माझ्या चुलतभावाची पोरं बाबांच्या फोनवर, एक फोन आणि तिघांचे वर्ग. ऑनलाईन शाळेला दोन लाईनी लागतात, नेटची आणि विजेची, आणि दोन्ही एकाच वेळी असणं हा आमच्याकडं नशिबाचा भाग होता. टॉवर जनरेटरवर चालला तर चालला. पोरं रेंजसाठी धुऱ्यावरच्या मचाणावर चढून बसायची. धाकटा म्हणायचा, "आत्या, आमची शाळा गेली," आणि तेव्हा मला हसू आलं नाही.

त्या मैत्रिणीशी मी नंतर बोलले यावर. जाऊन खुलासा वगैरे नाही, चहाला सहज विषय निघाला. तिनं तिच्या चाळीचं सांगितलं, दहा बाय बाराची खोली, सहा माणसं, एक बल्ब, त्या एका बल्बखाली तिचा अभ्यास, आईचं शिवण, वडिलांचा पेपर. तो गेला की सगळे गॅलरीत येऊन बसायचे, कोणीतरी गाणं म्हणायचं. परीक्षेच्या दिवसांत तो गेला की ती रडायची. तिच्यासाठी खरंच लाईटच जात होती, दुसरं काही जाण्यासारखं त्या खोलीत नव्हतंच. मी तिला बाबांच्या मोटरीचं सांगितलं, चक्कीचं सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे तुमच्याकडं उजेड हा त्यातला सगळ्यात कमी महत्त्वाचा भाग." बरोबर तेच मला त्या दिवशी ट्रेनमध्ये सापडत नव्हतं. मला लागलं होतं ते शब्दाची दुरुस्ती केली म्हणून नाही. मला वाटलं होतं की त्या दुरुस्तीत आमच्या तारा, आमची विहीर, मामांचा हात, बाबांच्या रात्री हे सगळं पुसलं गेलं आणि फक्त एक बल्ब राहिला. तिला ते माहीत नव्हतं, आता माहीत आहे. ती अजूनही लाईट म्हणते, मी लाईन म्हणते, एकमेकींना दुरुस्त करत नाही.

मागच्या वर्षी बाबांना सौर पंप मिळाला, मागेल त्याला सौर कृषी पंप ही जी योजना आहे त्यातून, दहा टक्के भरून. विहिरीजवळ लोखंडी सांगाड्यावर निळ्या काचेच्या पाट्या. आता रात्री जायची गरज नाही, सूर्य उगवला की मोटर चालते आणि सूर्य गेला की बंद. पाट्यांवर धूळ बसते, ती पुसावी लागते, जंगल जवळ असल्यानं माकडं येऊन पाट्यांवर बसतात, तेवढी राखण करावी लागते. आणि गंमत बघा, बाबा त्या उन्हालाही लाईनच म्हणतात. परवा फोनवर म्हणाले, "आज आभाळ हाये, लाईन कमी येऊन राहिली." तार नाही, खांब नाही, फीडर नाही, कोणी दुरून बटण दाबत नाही, तरी लाईन. मी त्यांना काही म्हटलं नाही. ऐकायला इतकं बरं वाटलं.

आता रात्रीचे फोन लांबतात. बाबा घाईत नसतात. त्यांच्या लहानपणी गावात लाईन कशी आली, पहिला बल्ब कोणाच्या घरी लागला, तो बघायला लोक कसे जमले, आजीनं तो बल्ब फुंकर मारून विझवायचा प्रयत्न कसा केला, असं काय काय सांगतात, जे मी आजवर कधी ऐकलं नव्हतं. मला ते सगळं हवं असतं आणि मधेच एक हुरहुर लागते की हे सगळं बोलायला त्यांना सत्तरी ओलांडावी लागली.

शेजारच्या वावरातल्या काकांचा अर्ज अजून पुढं सरकलेला नाही, त्यांची पाळी अजूनही रात्रीची येते. काका साठीचे, मुलगा पुण्यात कंपनीत. या हिवाळ्यात मी आईला विचारलं बाबा झोपले का, तर आई म्हणाली ते वावरात गेले. मी चिडले, आता कशाला, आपली मोटर तर रात्री चालतही नाही. आईनं फोन बाबांच्या मोबाईलवर लावायला सांगितला. मागं मोटरीची घरघर होती, पाण्याचा आवाज होता, आणि काका कोणाला तरी हाकलत होते, बहुतेक डुकरं. मी म्हटलं, बाबा, थंडी किती आहे, तुम्ही कशाला गेलात, तुमचं काय काम तिथं.

"अवं, एकटा कसा जाईन थो," म्हणाले.